रिए मियाझावा : चाळिशीनंतर जास्त मोठी झालेली जपानी नटी

मृण्मयी_कोथरूड

जपानी सिनेमावर इथे अधूनमधून धागे निघतात पण गाडी कुरोसावा, ओझू हे दिग्दर्शक किंवा मग अ‍ॅनिमेवर जाऊन थांबते, नट्यांबद्दल कोणी फारसं लिहीत नाही. म्हणून हा धागा. रिए मियाझावा ही माझी अत्यंत आवडती अभिनेत्री आहे, आणि मॉडेल म्हणून सुरुवात केलेल्या बाईने वय वाढत जाताना आपलं काम कसं बदलत न्यावं याचं तिच्याइतकं चांगलं उदाहरण मला दुसरं माहीत नाही.

ज्यांना अजिबातच कल्पना नाही त्यांच्यासाठी आधी थोडक्यात. जन्म १९७३, टोकियो. वडील डच, आई जपानी, वाढवलं आईनेच. अकराव्या वर्षापासून मॉडेलिंग. १९८७ ला मित्सुई रिहाऊस या घरांचे व्यवहार करणाऱ्या कंपनीच्या टीव्ही जाहिरातीत दिसली आणि घराघरात पोचली. १९८८ मध्ये पहिला सिनेमा, शाळेच्या जाचाला वैतागून मुलं एका ओसाड कारखान्यात सात दिवस ठाण मांडून बसतात अशी गोष्ट होती, त्यात जपान अकॅडमीचं (तिकडचं सिनेमाचं मोठं पारितोषिक) नवोदितांचं पारितोषिक. मग गाणी, मालिका, कॅलेंडरं, जाहिराती, सगळं एकाच वेळी. १९९१ ला ती अठरा वर्षांची असताना किशिन शिनोयामा यांनी काढलेल्या फोटोंचं 'सांता फे' हे न्यूड पुस्तक आलं आणि त्याच्या पंधरा लाखांच्या आसपास प्रती खपल्या, त्यावरून जपानात प्रचंड चर्चा झाली. पुढच्याच वर्षी ताकाहानादा या सुमोपटूशी साखरपुडा जाहीर, तेव्हा ती एकोणीस, तो वीस. देश वेडा झाला होता, आणि दोन महिन्यांत ते लग्न मोडलं. त्यानंतरची काही वर्षं वाईट गेली. वजन भयानक घटलं, गॉसिप मासिकं तिचे हाडकुळे फोटो छापत राहिली, शेवटी ती काही काळ अमेरिकेत जाऊन राहिली. म्हणजे पंचविशी गाठायच्या आत एका मुलीचं सगळं करून झालं होतं, आणि लोकांच्या लेखी ती संपली होती.

माझा मुद्दा इथून पुढे सुरू होतो. मला कायम वाटतं की तिची खरी समज दिसते ती परत येताना तिने कुठलं काम घेतलं त्यात. ती जुनी जागा परत मागायला गेलीच नाही. २००१ ला हाँगकाँगचे दिग्दर्शक योनफान यांचा 'पिओनी पॅव्हेलियन' केला, चिनी सिनेमा, १९३० च्या दशकातलं सूझौ, कुन्छ्यू ही तिथली जुनी संगीतनाट्य परंपरा, आणि ही त्यात श्रीमंत घरात पाचवी बायको म्हणून आलेली गाणारी बाई. परका देश, परकी भाषा, रिहाऊसची मुलगी कोणाला आठवणारही नाही अशी जागा. त्या भूमिकेला मॉस्को महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार मिळाला.

आणि मग २००२, योजी यामादांचा 'ट्वायलाइट समुराई'. सिनेमा पूर्णपणे हिरोयुकी सानादाचा, म्हणजे त्याने केलेल्या सेइबेईचा आहे. रिएच्या वाट्याला तोमोए, दारुड्या नवऱ्याच्या मारहाणीला कंटाळून काडीमोड घेऊन माहेरी आलेली सेइबेईची बालमैत्रीण. वेळ मोजला तर भूमिका लहानच. पण तो प्रसंग बघा, द्वंद्वाला जायच्या आधी सेइबेई तिला बोलावून घेतो आणि ती त्याचे केस विंचरते, बांधते, कपडे नीट करून देते, आणि तेव्हाच तो मनातलं बोलून टाकतो आणि तिला सांगावं लागतं की दुसरीकडे होकार देऊन झालाय. चेहऱ्यावर जवळपास काहीच होत नाही, सगळं हातात आहे. ज्या मुलीचा चेहरा दहा वर्षं देशभर विकला गेला तिने हातांनी केलेला अभिनय आहे तो. जपान अकॅडमीने त्या सिनेमाला बारा पारितोषिकं दिली, त्यात सर्वोत्कृष्ट अभिनेत्री ही होती, आणि पुढे ऑस्करच्या परभाषी विभागात नामांकनही झालं.

तिने ते करियर पुढे कसं नेलं यावर प्रतिसादांत बोलूच. तुम्ही काय पाहिलंय, काय वाटलं, मोकळेपणी लिहा.

सावनी

मृण्मयी किती छान धागा!! मी तिचा 'टोनी ताकितानी' पाहिलाय (२००४, दिग्दर्शक जुन इचिकावा, लेखक हारुकी मुराकामीच्या कथेवरून). त्यात तिच्या दोन भूमिका आहेत, एक टोनीची बायको जिला कपडे विकत घेणं थांबवताच येत नाही, आणि दुसरी, बायको गेल्यावर तिचे कपडे घालून कामाला यायचं अशा अटीवर टोनी जिला नोकरी देऊ करतो ती मुलगी. ती दुसरी मुलगी कपड्यांच्या खोलीत जाते आणि तिथे एकटीच रडायला लागते, कारण तिलाही धड सांगता येत नाही. मी तो सीन विसरूच शकत नाही. तेव्हा मला तिची मॉडेलिंगची पार्श्वभूमी माहीतच नव्हती, आता तुझं वाचून कळतंय की लहानपणापासून जिच्या अंगावर कपडे चढवून फोटो काढले तिनेच हा रोल केलाय, आणि अंगावर काटा आला.

सव्वा तासाचाच सिनेमा आहे, रियुइची साकामोतोचं एकट्या पियानोचं संगीत आहे, जरूर बघा सगळ्यांनी.

गिरगावकर

धागा आवडला पण थोडा वेगळा सूर लावतो, राग मानू नये. मॉडेल किंवा नटी चाळिशीनंतर चांगलं काम करते तेव्हा आपण सगळं श्रेय तिच्या जिद्दीला देतो. निवड करायला आधी घरात पैसा लागतो. रिएकडे जाहिराती कायम होत्या, सनतोरीच्या इयेमोन चहाची जाहिरात २००४ पासून अनेक वर्षं ती आणि नट मासाहिरो मोतोकी यांनी नवरा-बायको म्हणून केली, आणि तिकडे असं काम म्हणजे वर्षानुवर्षांची मिळकत. अशी सोय असली की माणूस लहान भूमिका, कमी पैशाचा सिनेमा, नाटक हे सगळं घेऊ शकतो. तिच्याबरोबर त्याच काळात मॉडेलिंग करणाऱ्या शेकडो मुली असतील, त्यांचं काय झालं ते आपल्याला कोणी सांगत नाही.

अभिनयाबद्दल वाद नाही. 'ट्वायलाइट समुराई' दोनदा पाहिलाय.

मृण्मयी_कोथरूड

@गिरगावकर, राग कशाला, बरोबरच आहे. पैशाची सोय नसती तर हे झालं नसतं. पण उलटंही पाहा ना, ज्यांच्याकडे ती सोय असते त्यांच्यापैकी किती जण तिचा असा उपयोग करतात? बहुतेक जण जाहिरातीच वाढवतात. आणि त्या चहाच्या जाहिरातीतसुद्धा ती किमोनोतली शांत, संसारी बायको आहे, तिशीतली बाई तिशीतलीच दिसते, मला तर तीही याच वाटेवरची वाटते.

त्याच वर्षी, २००४ ला, आलेला काझुओ कुरोकींचा 'चिचि तो कुरासेबा' पाहिलात का? १९४८ चं हिरोशिमा, ग्रंथालयात काम करणारी मित्सुए आणि बॉम्बमध्ये गेलेला तिचा बाप, जो घरात येऊन तिच्याशी गप्पा मारतो. हिसाशी इनोउए यांच्या नाटकावरून केलाय, जवळजवळ पूर्ण सिनेमा ती आणि योशिओ हारादा दोघंच, एकच घर. सगळे गेले आणि मी वाचले, मग मला सुखी व्हायचा काय अधिकार, एवढंच तिच्या मनात आहे आणि ते ती हिरोशिमाच्या बोलीत, स्वयंपाक करता करता, बापाशी भांडत बोलते. ही जाहिरातींच्या सोयीतून आपोआप येणारी गोष्ट नाही हो.

नाट्यवेडी

मला या धाग्यावर नाटकाबद्दल लिहायलाच हवं कारण माझ्या मते तिला नाटकानेच घडवलंय. नाटककार-दिग्दर्शक हिदेकी नोदा यांच्या नाटकांत तिने वारंवार काम केलंय, आणि नोदांची नाटकं म्हणजे धावपळ, शब्दांचा मारा, शरीराची कसोटी, तिथे सुंदर दिसून भागत नाही. २०१३ च्या त्यांच्या 'मिवा' नाटकात तर तिने आकिहिरो मिवा या गायक-नटाच्या आयुष्यावर बेतलेली मध्यवर्ती भूमिका केली.

पण मला सगळ्यात भारी वाटतं ते त्याच वर्षीच्या मे महिन्यातलं. कोकी मितानी यांचं नेपोलियनवरचं नाटक टोकियोत इकेबुकुरोच्या थिएटरला चालू होतं, स्वतः नोदा नेपोलियन, आणि मुख्य स्त्रीभूमिकेत युकी आमामी. नाटकाचे प्रयोग चालू होते त्याच दिवसांत आमामीला हृदयविकाराचा झटका आला आणि ती हॉस्पिटलमध्ये. प्रयोग रद्द करावे लागले. रिएला विचारलं, तिने दोन-अडीच दिवसांच्या तालमीत आख्खी भूमिका उभी केली आणि उरलेले चार प्रयोग केले. आपल्याकडे रिप्लेसमेंट म्हणजे काय ते ज्यांनी विंगेतून पाहिलंय त्यांना कळेल, संहिता पाठ असणं हा त्यातला सगळ्यात सोपा भाग, कुठल्या वाक्याला कोण कुठे उभं आहे, कुठे लाफ्टर येतो, कुठे थांबायचं, हे सगळं अंगात मुरायला महिने लागतात. चाळीस वर्षांची, नाव झालेली बाई, फसली असती तर सगळ्या पेपरात छापून आलं असतं, गरज काय होती? तरी ती उभी राहिली. मला त्या क्षणापासून तिच्याबद्दल अपार आदर आहे.

मेधा_लंडन

नाट्यवेडी +१०००

मी तिला स्टेजवर पाहिलंय! २०१५ ला इथे लंडनच्या बार्बिकन थिएटरला दिग्दर्शक निनागावांचं 'काफ्का ऑन द शोअर' हे नाटक आलं होतं, त्यात ती मिस साएकी. जपानी संवाद आणि वर इंग्रजी ओळी. सेट म्हणजे मोठमोठ्या पारदर्शक काचेच्या पेट्या, आत ट्रक, झाडं, लायब्ररी वगैरे, आणि त्या स्टेजभर फिरत असतात. एका छोट्या पेटीत ती निळ्या कपड्यात अंग मुडपून बसलेली आणि ती पेटी हळूहळू सरकत जाते. तोंडातून शब्द नाही. माझ्या शेजारचा इंग्रज माणूस पुढे वाकून बघत होता. मी ती कोण, आधी काय करायची, काहीही माहिती नसताना गेले होते, नवऱ्याच्या ऑफिसातल्या जपानी बाईने तिकीट काढायला लावलं, आणि येताना ट्यूबमध्ये मी हिचं नाव शोधत बसले. ते नाटक मग न्यूयॉर्कलाही गेलं.

त्या आधी ती माझ्यासाठी कोणीच नव्हती त्यामुळे तिचं 'कमबॅक' हे मला लागूच होत नाही, मी एक जबरदस्त रंगभूमीची नटी पाहिली, बस्स.

नीलिमाकाकू

मुलींनो सगळं वाचलं. मला मात्र तिच्या आईचा विचार सोडत नाहीये. एकटी आई, मुलगी अकरा वर्षांची असल्यापासून कॅमेऱ्यासमोर, सगळे निर्णय आईच्या हातात. जपानात त्या आईलाही लोक ओळखायचे ना? त्या फोटोपुस्तकाचं वाचून तर मला झोपच आली नाही, अठरा वर्षांच्या पोरीला काय कळत असतं. तिने पुढे एवढं चांगलं काम केलं म्हणून आधीचं सगळं ठीक होतं असं कोणी म्हणू नये एवढीच विनंती.

मृण्मयी_कोथरूड

काकू, अगदी मनापासून अनुमोदन. हो, आईला सगळा देश 'रिए-मामा' म्हणून ओळखायचा, मुलीचं सगळं काम तीच बघायची. त्या पुस्तकाकडे मी कधीच 'धाडसी निर्णय' वगैरे म्हणून बघू शकले नाही. तेव्हा मोठी माणसं कमावत होती आणि किंमत त्या मुलीने मोजली असं माझं स्पष्ट मत आहे.

आई २०१४ च्या सप्टेंबरमध्ये गेल्या. पुढच्याच महिन्यात टोकियो महोत्सवात 'पेल मून'साठी रिएला सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचं पारितोषिक मिळालं. आणि पुन्हा दोन वर्षांनी ती पडद्यावर मरायला टेकलेली आई झाली, त्या सिनेमाबद्दल खाली लिहीन.

टोकियोवासी

मी निशिकासाईला राहतो, इथे भारतीय भरपूर आणि मराठी मंडळीही बरीच. जपान्यांच्या बाजूने थोडं सांगतो. इथे नटनट्यांचं सगळं जिमुशोच्या म्हणजे एजन्सीच्या हातात असतं, कुठली मालिका, कुठली जाहिरात, काय बोलायचं, केस किती कापायचे. तरुण मॉडेलला मालिकेत घेतात ते जाहिरातदाराला ती आवडते म्हणून, तिशी आली की नवीन मुलगी तयार असते. त्यामुळे वय वाढलेल्या नटीला साधारण दोनच वाटा, एकतर मालिकांत कोणाची तरी आई, नाहीतर टीव्हीच्या गप्पांच्या शोमध्ये हसत बसायचं.

रिएने तिसरी वाट काढली. माझ्या ऑफिसात पन्नाशीच्या पुढचे लोक तिला अजून 'रिहाऊस' म्हणून ओळखतात आणि पंचविशीतली मुलं 'कामाकुरादोनो'मधली रिकू म्हणून. २०२२ ची एनएचके या जपानच्या सार्वजनिक वाहिनीची ती वर्षभराची ऐतिहासिक मालिका, पटकथा पुन्हा मितानींचीच. रिकू म्हणजे होजो तोकिमासाची तरुण बायको, गोड बोलून नवऱ्याला हवं ते करायला लावणारी, आपल्या माणसांसाठी अख्खं घराणं पणाला लावणारी. सुरुवातीला सगळे हसायचे तिच्यावर, शेवटी शेवटी भीती वाटायला लागली. दर सोमवारी लंच टेबलवर तिचीच चर्चा असायची. या दोन पिढ्यांना एकमेकांची रिए माहीतच नाही, हे मला फार विशेष वाटतं.

गिरगावकर

@टोकियोवासी मस्त माहिती. मग तुमच्या तिसऱ्या वाटेवर अजून काही जणी आहेत का? मला रियोको योनेकुरा आठवते. तीही मॉडेल, १९९२ च्या सौंदर्यस्पर्धेतून आलेली, आणि 'डॉक्टर एक्स' २०१२ ला सुरू झालं तेव्हा सदतीस वर्षांची. त्याच वर्षी ब्रॉडवेवर 'शिकागो'त रॉक्सी केली. २०२० मध्ये जुनी एजन्सी सोडून स्वतंत्र झाली. हे मला रिएपेक्षा जास्त धाडसाचं वाटतं, कारण टीव्हीच्या आत राहून केलं.

टोकियोवासी

योनेकुराचा मुद्दा मान्य, इथे एजन्सी सोडणं सोपं नसतं, कामं बंद होतात. पण 'डॉक्टर एक्स'मध्ये ती दहा वर्षं एकच बाई करत राहिली, हाय हील्स, 'मी चुकत नाही' वगैरे. लोकांना आवडतं, मलाही आवडतं. रिएच्या दोन भूमिका शेजारी ठेवल्या तर एकच बाई आहे हे ओळखायला वेळ लागतो.

रिंको किकुचीचंही नाव घ्या. 'बाबेल'मुळे २००७ ला ऑस्कर नामांकन, मग हॉलीवूड, आणि २०२३ ला एका छोट्या जपानी सिनेमात टोकियोहून आओमोरीला लिफ्ट मागत जाणारी, माणसांशी बोलायची सवय गेलेली चाळिशीची बाई केली, त्याला शांघायला सर्वोत्कृष्ट अभिनेत्री.

सावनी

आणि किरिन किकी!! ती मॉडेल नव्हती पण एकतिसाव्या वर्षी टीव्हीवर आजी केली होती तिने १९७४ ला. तिने वयाची भीतीच आधी संपवून टाकली. रिएने उलट केलं, जे वय आहे त्याच वयाच्या बायका केल्या, ना लहान ना मोठ्या. मला हे जास्त अवघड वाटतं कारण त्या वयाच्या बायकांच्या गोष्टी लिहितंच कोण?

मृण्मयी_कोथरूड

सावनी, तू अगदी मर्मावर बोट ठेवलंस. 'पेल मून' ही नेमकी तशी गोष्ट आहे. मित्सुयो काकुता यांच्या कादंबरीवरून दाइहाची योशिदांनी केलेला. १९९४ चा काळ, रिका नावाची बँकेतली बाई, म्हाताऱ्या ग्राहकांच्या घरी जाऊन ठेवी गोळा करायचं काम. नवरा वाईट नाही, फक्त त्याला ती दिसत नाही. एक दिवस कॉस्मेटिक्सच्या काउंटरवर पैसे कमी पडतात आणि ती ग्राहकाच्या पाकिटातली दहा हजार येनची नोट वापरते, लगेच एटीएममधून काढून परतही ठेवते. तिथून सुरुवात. पुढे खोट्या पावत्या, एक कॉलेजचा मुलगा, महागडी हॉटेलं. चोरी करत जाते तसतशी ती जास्त ताठ चालायला लागते, कपडे बदलतात, आवाज बदलतो, आणि आपल्याला तिचा राग यायच्या ऐवजी तिच्यासाठी धडधडायला लागतं. ही एकेचाळीस वर्षांच्या नटीची भूमिका आहे, विशीतल्या मुलीला जमलीच नसती कारण त्यात कंटाळलेल्या संसाराची वर्षं दिसावी लागतात. शेवट सांगत नाही.

रोहन_डोंबिवली

मी फक्त 'हर लव्ह बॉइल्स बाथवॉटर' पाहिलाय आणि खरं सांगू का, मला जास्त मेलोड्रामा वाटला. कॅन्सर, दोन महिने उरलेत, मुलीला शाळेत त्रास देतात, पळून गेलेला नवरा, बंद पडलेलं सार्वजनिक स्नानगृह परत सुरू करायचं, वर अजून दोन-तीन गुपितं. एका सिनेमात किती ते. सगळे इतके कौतुक करतायत म्हणून विचारतो, मलाच काही कळलं नाही का?

मृण्मयी_कोथरूड

रोहन, गोष्ट ठासून भरलेली आहे हे मान्य, दिग्दर्शक र्‍योता नाकानोंनी स्वतःच लिहिलीय आणि थोडी कात्री चालली असती. पण तू फुताबाकडे, म्हणजे रिएने केलेल्या आईकडे, परत बघ. मुलगी आझुमी शाळेत जायला नको म्हणते तेव्हा ही आई तिला कुशीत घेत नाही, पांघरूण ओढते आणि सांगते की आज पळालीस तर कायम पळशील. तो सीन बघताना राग येतो तिचा. एवढी कठोर का, आजारी पोरीसारखी रडतेय ती. मग लक्षात येतं की हिच्याकडे वेळच नाहीये. रिएने त्या आईला गोड केलं नाही, आणि म्हणूनच हाना सुगिसाकीलाही मुलगी म्हणून इतकं करता आलं, दोघींनाही जपान अकॅडमीची पारितोषिकं मिळाली त्या वर्षी. रिएचं ते सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचं तिसरं होतं. 'ट्वायलाइट', 'पेल मून' आणि हे.

रोहन_डोंबिवली

ओके तो पांघरुणाचा सीन मला पण आवडला होता. परत बघतो वीकेंडला आईबरोबर.

जपानी_शिकतेय

मी पुण्यात जेएलपीटीची (जपानी भाषेची परीक्षा) तयारी करतेय, एन३ या मधल्या पातळीला बसणार आहे. ऐकण्याच्या सरावासाठी तिचा कुठला सिनेमा घेऊ? आणि एरवीही, कुठून सुरुवात करावी?

टोकियोवासी

ऐकण्यासाठी 'पेल मून', बँकेतली आणि घरातली रोजची भाषा आहे, उच्चार स्वच्छ. 'चिचि तो कुरासेबा' आत्ता नको, हिरोशिमाची बोली झेपणार नाही, आणि 'ट्वायलाइट समुराई'त तर शोनाई भागाची जुनी बोली आहे, ती इथल्या तरुणांनाही जड जाते.

मृण्मयी_कोथरूड

सिनेमा म्हणून सुरुवात मात्र 'ट्वायलाइट समुराई'पासूनच कर, सबटायटल लाव आणि भाषेची काळजी सोड. त्याला लागून 'टोनी ताकितानी' बघ, दोन वर्षांच्या अंतराने केलेली दोन्ही कामं आहेत, एकात ती पूर्ण स्थिर आणि दुसऱ्यात आतून पोखरलेली.

२०२३ चा 'त्सुकी' शेवटी ठेव. युया इशिई दिग्दर्शक, गंभीर अपंगत्व असलेल्या लोकांच्या केंद्रात काम करायला आलेली, लिहिणं थांबलेली लेखिका केलीय तिने, आणि मागे २०१६ च्या सागामिहारा हत्याकांडाची सावली आहे, ज्यात केंद्राच्याच एका माजी कर्मचाऱ्याने १९ जणांना मारलं होतं. बघायला अत्यंत जड आहे, मी मध्ये थांबवून उठले होते. पन्नाशीची, जाहिरातीत जिचा चेहरा रोज दिसतो अशी बाई हा सिनेमा करायला होकार देते आणि त्यात तिची बाई स्वतःला विचारते की मीही कधी मनातून त्या मारणाऱ्यासारखाच विचार केलाय का. तो पाहून झाला की इथे येऊन लिही, मला त्यावर बोलायला अजून कोणी भेटलेलं नाही.